सहावा रकाना

सोमवार, ३ मार्च

बगळ्याला मी सोडणार नाही. हे वाक्य आधी लिहून ठेवते, कारण उद्या सकाळी मला त्याची दया येईल आणि मी स्वतःचीच समजूत काढायला लागेन. तसं झालं की हे पान उघडून वाचायचं.

झालं ते असं. ध्वनिसंग्रहालयाकडून आत्याच्या नावाने पाकीट आलं. आत निमंत्रण आणि नमुना म्हणून यादीची चार छापील पानं. येत्या अठ्ठावीस तारखेला ‘कामकऱ्यांचे आवाज’ हा संग्रह लोकांसाठी खुला होणार. लोहार, सुईणी, नावाडी, गवंडी, घड्याळजी, अशी अकराशे त्रेपन्न माणसं आपापल्या कामाबद्दल बोलली आहेत. आत्याने तीस वर्षं खांद्याला टेपरेकॉर्डर अडकवून त्यांच्या दारोदार जाऊन ती टिपली. (सगळी नाही. काही बगळ्याने टिपली, तेव्हा तो तिचा मदतनीस होता. नेमकी किती, ते शोधावं लागेल. शत्रूच्या बाबतीतही आकडा बरोबर हवा.)

यादीत सहा रकाने आहेत: क्रमांक, बोलणारा, धंदा, गाव, तारीख आणि ध्वनिमुद्रण. सहाव्या रकान्यात चारही पानांवर वरपासून खालपर्यंत एकच नाव. बगळ्याचं. तो आता तिथला संचालक आहे.

आत्याने पानं वाचली. चष्मा पुसून परत वाचली. मग त्यांची घडी घातली, घडीची घडी घातली आणि जेवणाच्या टेबलाच्या आखूड पायाखाली सारली.

“बरं झालं. डुगडुगत होतं मेलं,” म्हणाली.

त्यानंतर तिने दोनदा चहा केला. दोन्ही कप ओट्यावर तसेच गार झाले.

मंगळवार, ४ मार्च

सकाळी दया आली. पान वाचलं. गेली.

बुधवार, ५ मार्च

माझं काम काय, हे आत्याला मी एकदा असं समजावलं होतं. विंडोजच्या संगणकावर काही फाईली अशा असतात की त्या स्वतःहून काहीच करत नाहीत. त्या उघडायला गेलं तर उघडत नाहीत. दुसऱ्या एखाद्या प्रोग्रामने हाक मारली की उठायचं, सांगितलं तेवढं करायचं आणि परत गप्प बसायचं. त्यांना लायब्ररी फाईल म्हणतात. आमचं ऑफिस अशी एकच फाईल बनवतं. आवाजाच्या आणि फोटोंच्या फाईलींच्या पोटात माहितीच्या चिठ्ठ्या असतात, त्यांना टॅग म्हणतात. कोण बोलतंय, कुठे, कधी, कोणी टिपलं, हे सगळं त्यात. त्या चिठ्ठ्या लिहायच्या नि वाचायच्या, हे आमच्या फाईलीचं काम.

“म्हणजे घरातली थोरली सून,” आत्या म्हणाली होती. “सगळं तीच करणार आणि नाव कुठेच नाही.”

ध्वनिसंग्रहालयातला यादीचा प्रोग्राम आमचीच फाईल वापरतो. म्हणजे बगळ्याने सांगितलं आणि आमच्या फाईलीने अकराशे वेळा मुकाट्याने लिहिलं. मला त्याचाच जास्त राग येतोय. ती फाईल माझ्या हाताखाली वाढलेली आहे. ऑफिसात लागले त्या पहिल्याच महिन्यात मी तिला एक शिस्त लावली होती, की कुठलाही रकाना रिकामा ठेवायचा नाही; माहिती मिळाली नाही तर आजूबाजूला शोधून भरायची. थोरल्यांनी (ऑफिस त्यांचं, म्हणून थोरले) तेव्हा सगळ्यांसमोर शाबासकी दिली होती.

ती शिस्त आत्याची. लहानपणी मला छातीचं दुखणं होतं, त्यामुळे तेरा वर्षांची होईपर्यंत मी शाळा पाहिली नाही. आत्यानेच घरी शिकवलं. अक्षर गिरवलं ते तिच्या कार्डांच्या (प्रत्येक फितीची माहिती लिहायचं एक कार्ड) कोऱ्या बाजूवर, बेरजा शिकले त्या फितींच्या मिनिटांच्या. मी भरलेल्या कार्डात एखादा रकाना सुटला तर ती ते परत करायची. “हे पोरकं आहे. खणात जाणार नाही.”

गुरुवार, ६ मार्च

थोरले म्हणाले, संग्रहालयात आपल्या फाईलीची नवी आवृत्ती बसवायची आहे, बुधवारी तू जा. अठ्ठावीसला संध्याकाळी पाच वाजता संग्रहाची कुलूपबंद प्रत होणार. त्यानंतर कोणालाही त्यातलं अक्षर बदलता येणार नाही.

म्हणजे पाचच्या आत आत्याचं नाव बसलं तर बसलं. नाहीतर पुढची पन्नास वर्षं जो कोणी ऐकेल, तो बगळ्याला दाद देईल.

जेवताना मी एकटीच हसत होते. आत्याने विचारलं, “काय गं, दात दुखतोय का?”

सोमवार, १० मार्च

सहा ओळी लिहिल्या. जिथे सहाव्या रकान्यात बगळ्याचं नाव दिसेल, तिथे आमची फाईल आत्याचं नाव दाखवेल आणि लिहील. एवढंच. कार्यक्रमात मोठ्या पडद्यावर यादी सरकेल, लोक बगळ्याकडे बघतील, आणि बगळा मान लांब करून पडद्याकडे बघेल.

हे थोरल्यांना सांगितलेलं नाही. गिऱ्हाइकाच्या नकळत त्याच्या संगणकात असलं काही करणं चूक आहे, हे मला माहीत आहे. नोकरी जाऊ शकते, हेही. मी वहीच्या मागच्या पानावर दोन बाजू आखून चूक आणि बरोबर असं लिहून पाहिलं. चूकच्या बाजूला नऊ मुद्दे निघाले. बरोबरच्या बाजूला एक. पण तो मोठ्या अक्षरात लिहिला.

आत्याला आडून विचारलं.

“समज, एखाद्याने तुझी वस्तू स्वतःची म्हणून...”

“तू ‘समज’ म्हणालीस की मी आधी फडकं शोधते. ‘समज शाईची बाटली सांडली’ म्हणायचीस, तेव्हा सतरंजी निळी झालेलीच असायची.”

“समज गं.”

“नाही समजत. झोप आता.”

दुपारचे तीन वाजले होते.

बुधवार, १२ मार्च

बसवून आले.

संग्रहालयाच्या खोल्यांना अजून तोच वास येतो, जुन्या फितींचा, आंबट. नोंदणीच्या बाई भेटल्या. कार्डांना लावायच्या टाचण्या त्या ओठांत धरतात आणि तशाच बोलतात, म्हणून सगळे त्यांना टाचणी म्हणतात. त्यांनाही ठाऊक आहे. “टाचणी म्हणा नाहीतर खिळा म्हणा, पण आमची यादी वेळेवर चालू द्या,” असं म्हणाल्या.

बगळा स्वतः आला. तोच पांढरा शर्ट, तीच मान, एकाच पायावर सगळा भार.

“ताई कशा आहेत? येणार ना? पुढच्या रांगेत खुर्ची ठेवलीय त्यांच्यासाठी.”

“बघू, सर.”

“त्यांच्यामुळे तर सगळं आहे.”

असं म्हणाला! तोंड वर करून! मी नवी फाईल विंडोजच्या फोल्डरमध्ये ठेवली, संगणक बंद करून चालू केला आणि हात धुतले. खरोखर धुतले, नळावर जाऊन.

गुरुवार, १३ मार्च

टाचणीबाईंना फोन करून सहज विचारल्यासारखं विचारलं. यादीत काही फरक? “कसला फरक? सगळं जसंच्या तसं.”

म्हणजे त्याने बदलून परत पहिल्यासारखं केलं.

शुक्रवार, १४ मार्च

स्वतः जाऊन पाहिलं. अकराशे त्रेपन्न ओळी, आणि सगळ्या बगळ्याच्या. मी एका फाईलीत हाताने आत्याचं नाव घातलं. ते टिकलं. पण शेजारच्या फाईलीतलं नाव पुसून ती जतन केली, तर माझ्या डोळ्यांसमोर तिथे बगळ्याचं नाव उमटलं.

म्हणजे त्याने कुठेतरी कोणाला तरी धरून यंत्रातच सोय करून घेतलीय. मला वाटलं होतं त्यापेक्षा पोचलेला आहे. आता मी सहा ओळींवर थांबणार नाही. त्याच्या खोलीच्या दारावरची पाटीसुद्धा मला आता खुपते.

सोमवार, १७ मार्च

लिहायला बसून अर्धा तास झाला. लिहिते.

प्रोग्राम लायब्ररी फाईलीला हाक मारतो, तेव्हा आधी स्वतःच्या खोलीत बघतो. तिथे सापडली नाही तरच घरात इतरत्र शोधतो. ही आमच्या धंद्यातली बाराखडी, आणि मी नवी फाईल बाहेर ठेवून आले. प्रोग्रामच्या स्वतःच्या फोल्डरमध्ये आमचीच जुनी प्रत बसलेली होती. तो तिलाच हाक मारत होता. माझ्या सहा ओळी एकदाही चालल्या नाहीत.

जुन्या प्रतीवर तारीख होती. मी ऑफिसात लागले तो महिना.

ऑफिसात येऊन त्या आवृत्तीचं मूळ लिखाण काढलं. सहावा रकाना रिकामा असेल तर काय करायचं, ते तिथे होतं: हा संगणक ज्याच्या नावावर नोंदवला आहे, त्याचं नाव घाल. खाली माझी आद्याक्षरं.

टाचणीबाईंना फोन केला. संगणक आले तेव्हा नोंदणी कोणाच्या नावाने केली?

“विंडोजने नाव विचारलं, मी सरांचं टाकलं. माझं टाकलं असतं तर आज मीच बसले असते की संचालकांच्या खुर्चीत!” आणि टाचण्या काढून ठेवून हसल्या.

आणि कार्डं? आत्याच्या हातच्या कार्डांवर सहाव्या रकान्यात काय आहे?

“काही नाही. कोरा. सगळ्याच कार्डांवर कोरा.”

मंगळवार, १८ मार्च

आत्या भाजी निवडत होती.

“तू सहावा रकाना का भरला नाहीस?”

“सगळं कार्ड माझ्या अक्षरात आहे. आणखी कोणी टिपलं असणार?”

“पण मला तर तू...”

“तुला शिकवत होते. मला शिकवायला कोण होतं?”

मग मी सगळं सांगितलं. माझी शिस्त, माझा नियम, सहा ओळीसुद्धा. तिने एक शेंग मोडली, आत कीड आहे का पाहिलं.

“म्हणजे त्याने काहीच केलं नाही,” ती म्हणाली.

तिचा चेहरा सैल झाला. मला वाटतं तिला बरं वाटलं. मला मात्र कोणीतरी पायाखालची फळी काढून घेतल्यासारखं झालं. पंधरा दिवस मी ज्याच्यावर एवढी मेहनत घेतली, तो राग आता ठेवू कुठे?

बुधवार, १९ मार्च

सापडला. राग सापडला. स्वच्छ, घासूनपुसून.

मी कबुली द्यायला गेले होते. बगळ्यापुढे उभी राहून सांगितलं की चूक माझी आहे, रिकाम्या रकान्यात तुमचं नाव माझ्या नियमाने गेलं. (सहा ओळींचं त्याला सांगितलं नाही. त्या मी परवाच काढून टाकल्या आणि थोरल्यांना सांगितल्या. ते इतकंच म्हणाले, “चालल्या नाहीत हे तुझं नशीब. पुढचं पुढे बघू.”)

बगळा ऐकत होता. आश्चर्य वाटलेल्या माणसाचा चेहरा कसा असतो ते मला माहीत आहे, आणि त्याचा तसा नव्हता.

“सर, तुम्हाला हे कधी दिसलं?”

“यादी आली तेव्हाच. दोन वर्षं झाली असतील.”

“मग?”

“मला वाटलं, यंत्राने लिहिलंय म्हणजे काहीतरी नियम असेल. संचालकाचं नाव घालायची पद्धत वगैरे.”

“तुम्ही विचारलं नाहीत?”

“कोणाला विचारणार? यंत्राला?”

मागे टाचणीबाई कपाट लावत होत्या. त्यांच्या हातातून कार्डांचा गठ्ठा पडला. की टाकला.

लिहिलं मी, हे खरं. पण मला माहीत नव्हतं. त्याला माहीत होतं आणि त्याने दोन वर्षं ते आवडीने वाचलं. मी सांगितलं, दुरुस्त यादी मी आणते, कोणती फीत कोणाची ते पुराव्यासकट. तुम्ही संचालक म्हणून सही करायची. तो म्हणाला, “करतो की. नाही कशाला म्हणू?” आणि पाय बदलला.

शनिवार, २२ मार्च

सुट्टी असूनही संग्रहालयात. प्रत्येक फितीच्या सुरुवातीला टिपणाऱ्याची घोषणा आहे: क्रमांक, नाव, धंदा, गाव, तारीख. ज्याचा आवाज, त्याची फीत. यापेक्षा पक्का पुरावा नाही. पहिली पंधरा सेकंदं ऐकायची आणि खूण करायची. कानांची आग होते आहे.

आत्याचा आवाज तेव्हा किती वरचा होता! आणि बगळ्याचा फाटका. एका घोषणेत तो गावाचं नाव चुकतो, परत म्हणतो, परत चुकतो. ते मी तीनदा ऐकलं. गरज नव्हती.

सोमवार, २४ मार्च

आकडा लागला. आत्या अकराशे बारा, बगळा एक्केचाळीस. त्याची एकही बुडवली नाही. त्याच्या एक्केचाळीस फितींवर मी स्वतःच्या हाताने त्याचं नाव घातलं, तेव्हा जे सुख झालं ते सांगता येत नाही. दान दिल्यासारखं.

त्याने सही केली. पेनाला टोपण लावायला विसरला.

बुधवार, २६ मार्च

नवी आवृत्ती देताना काय बदललं त्याची नोंद जोडावी लागते. थोरले म्हणाले, “किरकोळ सुधारणा, असं लिही.” मी लिहिलं: आधीच्या नियमामुळे अकराशे बारा ध्वनिफितींवर चुकीच्या व्यक्तीचं नाव गेलं, नियम माझा होता. खाली नाव.

“अगं, गिऱ्हाईक वाचतं हे.”

“म्हणूनच.”

त्यांनी बराच वेळ टेबलावर बोटं वाजवली. नोंद तशीच जाऊ दिली. टॅगचं काम मात्र आता ऑफिसातल्या तपासनीसाकडे दिलं आहे. ज्या फाईलीला मी वाढवलं, तिला आता दुसरा कोणीतरी शिस्त लावेल.

शुक्रवार, २८ मार्च

झालं. पडद्यावर यादी सरकली. आत्याचं नाव, आत्याचं नाव, आत्याचं नाव, मध्येच बगळा, परत आत्याचं नाव. लोक टाळ्या वाजवत होते. आत्या पहिल्या रांगेत पर्स मांडीवर धरून बसली होती, बस यायची वाट बघत असल्यासारखी.

बगळा बोलायला उठला. म्हणाला, “काही तांत्रिक चुकीमुळे आधीच्या यादीत ताईंचं नाव राहून गेलं होतं. ती वेळीच आमच्या लक्षात आली.”

वेळीच. आमच्या.

पाच वाजता प्रत कुलूपबंद झाली. सगळं हवं तसं झालं आणि मी घरी येऊन भांडी आपटत घासली.

शनिवार, २९ मार्च

आत्या आज यादी घेऊन बसली. बोट ठेवून एकेक ओळ. दुपारी हाक मारली.

“या दोन माझ्या नाहीत. नावाड्यांच्या.”

“आवाज तुझा आहे. मी ऐकलंय.”

“घोषणा माझी आहे. कोऱ्या फितींवर घोषणा मी आदल्या दिवशीच घरी भरून ठेवायचे, तिकडे वेळ नको जायला म्हणून. त्या दिवशी मला ताप होता. तो एकटा गेला. होडीत बसून टिपून आणलं पोराने. घोषणा संपू दे, पुढे प्रश्न कोण विचारतंय ते ऐक.”

मी पंधरा सेकंदांच्या पुढे ऐकलंच नव्हतं.

“चांगल्या झाल्यात त्या,” आत्या म्हणाली. “माझ्याच्याने इतक्या चांगल्या झाल्या नसत्या.”

रविवार, ३० मार्च

कोणाला कळणार आहे? आत्या कोणाला सांगणार नाही. प्रत कुलूपबंद आहे. त्याने अकराशे बारा दोन वर्षं ठेवून घेतल्या, आमच्याकडे दोन राहिल्या तर काय?

हे वाक्य लिहून वाचलं आणि खोडायला पेन टेकवलं. पण खोडत नाही. ते माझंच आहे.

संग्रहालयाचे नियम काढून वाचले. कुलूपबंद प्रत उघडता येते. संचालकाने स्वतःच्या हस्ताक्षरात अर्ज करायचा, आणि तो अर्ज संग्रहासोबत कायमचा जोडला जातो. अर्जाचे रकाने वाचले. दोनदा वाचले. मग झोप लागली.

सोमवार, ३१ मार्च

दहा वाजता त्याच्या खोलीत. नावाड्यांच्या दोन फिती तुमच्या आहेत, असं सांगितलं. कसं ते सांगितलं.

त्याचा चेहरा उजळला. मग मोठ्या मनाने हात हलवला. “अगं, राहू दे. दोनाने काय बिघडतं? ताईंना माझ्याकडून.”

“ताईंना तुमच्याकडून काही नको आहे, सर. त्या तुमच्या आहेत, चांगल्या आहेत, त्यांच्यावर तुमचं नाव पाहिजे.” आणि कोरा अर्ज पुढे ठेवला.

तो वाचायला लागला. दोन्ही फितींचे क्रमांक लिहिले. चूक कोणाची, तिथे मी माझं नाव लिहायला सांगितलं, त्याने लिहिलं. पान उलटलं, आणि त्याची मान हळूहळू खाली आली. मागच्या बाजूला दोनच प्रश्न आहेत. या संग्रहातील नावांत यापूर्वी दुरुस्ती झाली आहे काय, असल्यास किती. ती चूक संचालकांच्या लक्षात केव्हा आली.

“तू मला या दोन फिती द्यायला आलीस का?” त्याने विचारलं.

“हो.”

“फक्त?”

मी खरं काय ते शोधलं. सापडलं नाही. “तुम्ही लिहा, सर,” म्हटलं.

टाचणीबाई दारात येऊन उभ्या राहिल्या होत्या. पहिल्या प्रश्नापुढे त्याने आकडा लिहिला, अकराशे बारा, अक्षरी. दुसऱ्यापुढे बराच वेळ पेन टेकवून बसला. मग लिहिलं, दोन वर्षांपूर्वी, आणि अर्ज माझ्याकडे सरकवला.

मी तो परत त्याच्याकडे सरकवला.

“महिनाही लागतो, सर.”